वल्लियम्माचा नातू: अरिवूचा पहिला अल्बम आणि गाण्यावर नाव कोणाचे हा प्रश्न

२०२४ साली अरिवू या तमिळ रॅपरने आपला पहिला स्वतंत्र अल्बम काढला. नाव दिले ‘वल्लियम्मा पेरांडी’. पेरांडी म्हणजे नातू. वल्लियम्मा ही त्याची आजी. श्रीलंकेच्या चहामळ्यात तिने आयुष्य घालवले आणि नंतर ती तमिळनाडूत परतली. रॅपर लोक पहिल्या अल्बमवर स्वतःचे नाव मोठे करतात, मी कोण आणि मी केवढा हे जगाला सांगतात. या पोराने आजीचे नाव पुढे केले आणि स्वतःला फक्त तिचा नातू म्हणवून घेतले.

वरवर पाहिले तर हे आजीवरचे प्रेम आहे, आणि ते आहेच. पण मागची सहा वर्षे ज्यांनी तमिळ हिपहॉपकडे लक्ष ठेवले त्यांना ठाऊक आहे की ही सातबाऱ्यावर नाव चढवण्याची गोष्ट आहे. ज्या गाण्याने अरिवू जगभर पोचला, त्याच गाण्याच्या मंचावरून आणि मुखपृष्ठावरून तो गायब झाला होता. म्हणून हा अल्बम समजून घ्यायचा तर आधी हा इतिहास पाहावा लागेल. आपल्याकडे भीमगीतांचे आणि रॅपचे जे काही चालले आहे, त्यालाही तो लागू पडतो.

सुरुवात चेन्नईपासून नको, मळ्यांपासून करू. ब्रिटिशांनी एकोणिसाव्या शतकात तमिळ मुलखातली भूमिहीन माणसे जहाजांनी सिलोनच्या चहा-कॉफीच्या मळ्यांवर आणि मलायाच्या रबराच्या मळ्यांवर नेली. त्यात अस्पृश्य जातींतली माणसे फार मोठ्या संख्येने होती. गावात जमीन नाही, म्हणून समुद्रापलीकडे दुसऱ्याची जमीन कसायला जायचे. पुढे सिलोन स्वतंत्र झाला आणि १९४८ च्या नागरिकत्व कायद्याने या मळेकामगारांना एका फटक्यात बिगरनागरिक केले. १९६४ मध्ये सिरिमावो बंदरनायके आणि लालबहादूर शास्त्री यांच्यात करार झाला. ५ लाख २५ हजार माणसे भारताने घ्यायची, ३ लाख सिलोनने ठेवायची, उरलेल्या दीड लाखांचे नंतर पाहू, असे ठरले. माणसांची वाटणी गुराढोरांसारखी झाली आणि ज्यांची वाटणी झाली त्यांना कोणी विचारले नाही. जंगल तोडून त्यांनी मळे उभे केले होते. परतले तेव्हा ना तिकडे जमीन होती, ना इकडे. वल्लियम्माची गोष्ट याच इतिहासातली आहे.

आता तमिळ रॅपचा इतिहास बघा. त्याचे पहिले मोठे नाव चेन्नईचे नाही, मलेशियाचे आहे. योगी बी आणि नत्चत्रा यांचा ‘वल्लवन’ हा अल्बम २००६ मध्ये आला आणि तमिळ भाषेत रॅप होऊ शकतो हे तमिळनाडूच्या पोरांना त्यातून कळले. मलेशियातला तमिळ समाज मुख्यतः रबराच्या मळ्यांवर नेलेल्या मजुरांच्या वंशजांचा. म्हणजे ज्यांना देशाबाहेर काढले, त्यांच्या नातवंडांनी ही कला तमिळमध्ये आणली. मग चेन्नईत ‘हिपहॉप तमिळा’ आले. २०११ मध्ये त्यांचे एक गाणे इंटरनेटवर तुफान चालले, पुढच्या वर्षी अल्बम आला. त्यांनी तमिळ रॅपला तिकीटबारी मिळवून दिली, हे श्रेय त्यांचेच. पण त्या पहिल्या गाजलेल्या गाण्यात दारू पिणाऱ्या, क्लबमध्ये जाणाऱ्या मुलींना संस्कृती शिकवलेली होती. पुढचा सगळा जोर तमिळ अभिमानावर. तमिळ भाषा थोर, तमिळ वारसा थोर, तमिळ माणूस थोर. ठीक आहे. पण कोणता तमिळ माणूस? चेरीतला की ऊरमधला? तमिळ गावात सवर्णांच्या वस्तीला ऊर म्हणतात आणि दलितांच्या वस्तीला चेरी. आपल्याकडे गाव आणि गावकुसाबाहेरचा महारवाडा, तसेच. अभिमानाच्या गाण्यात ही भिंत दिसत नाही. मराठी अस्मितेच्या गाण्यांत आपला महारवाडा-मांगवाडा कितीदा दिसला, ते आठवून बघा.

हा प्रश्न तमिळनाडूत शंभर वर्षांपूर्वी एका माणसाने विचारून ठेवला होता. पंडित अयोथीदास. जन्म १८४५, मृत्यू १९१४. सिद्ध वैद्य, विद्वान, संपादक. १८९८ मध्ये त्यांनी सिलोनला जाऊन बौद्ध धम्म स्वीकारला, म्हणजे नागपूरच्या धम्मदीक्षेच्या ५८ वर्षे आधी. १९०७ मध्ये त्यांनी ‘एक पैसा तमिळन’ नावाचे साप्ताहिक काढले. किंमत खरोखरच एक पैसा. त्यांची मांडणी अशी होती की ज्यांना पंचम, परैयर म्हणून हिणवले जाते तेच या भूमीचे मूळचे बौद्ध, आणि त्यांची खरी ओळख ‘जात नसलेले तमिळ’ ही आहे. आधी जात सोडा, मग तमिळ म्हणा.

चित्रपट दिग्दर्शक पा. रंजित यांनी आपल्या नीलम सांस्कृतिक केंद्रातर्फे संगीतकार तेन्मा यांच्यासोबत एक बँड उभा केला, तेव्हा नाव याच शब्दांतून घेतले: ‘द कास्टलेस कलेक्टिव्ह’. ६ जानेवारी २०१८ रोजी चेन्नईच्या किलपॉक भागात पहिला कार्यक्रम झाला. मंचावर एकोणीस कलाकार. गाना गाणारे, रॅप करणारे, परई वाजवणारे, गिटार आणि ड्रम वाजवणारे. अंगात सगळ्यांच्या एकसारखे सूट. बाबासाहेबांनी सूट का घातला हे ज्याला कळते त्याला या पोरांनी सूट का घातला हे सांगावे लागत नाही. तारीखही नीट पाहा. डिसेंबर-जानेवारी म्हणजे चेन्नईत मार्गळी महिना, सभागृहांमध्ये कर्नाटक संगीताचा हंगाम. तिथे मंचावर कोण असते आणि समोर कोण बसते याचे उत्तर जातीच्या उतरंडीत वरच्या पायरीवर मिळते. त्याच दिवसांत त्याच शहरात मोकळ्या मैदानावर आरक्षणावर, गोमांसावर, भीमरावांवर गाणी झाली. पुढे २०२० पासून नीलमने ‘मार्गळीत जनसंगीत’ अशा अर्थाच्या नावाने महोत्सवच सुरू केला.

इथे थोडे थांबून परई आणि गाना यांच्याबद्दल बोलले पाहिजे, कारण सगळ्या प्रकरणाची मुळे तिथे आहेत.

परई म्हणजे आपल्या हलगीचीच बहीण. लाकडी कड्यावर ताणलेले जनावराचे कातडे, दोन काड्यांनी वाजवायचे, वाजवण्याआधी जाळावर शेकून आवाज चढवायचा. परैयर या जातीचे नाव या वाद्यावरूनच आले असे बरेच अभ्यासक मानतात, आणि इंग्रजीत बहिष्कृत माणसासाठी जो शब्द रूढ झाला तो या जातीच्या नावावरून. म्हणजे एका वाजवणाऱ्या जातीचे नाव जगाच्या भाषेत शिवी होऊन बसले. गावात परई वाजवणे हा हक्क नव्हता, ती वेठ होती. सवर्णाच्या घरी मयत झाले की परैयराने जायचे, वाजवायचे, फेकलेले नाणे उचलायचे. नाही म्हटले तर मार.

मग स्वाभिमान जागा झाल्यावर या वाद्याचे करायचे काय? तमिळनाडूच्या दलित चळवळीत यावर दोन तट पडले. एक म्हणे, परई फोडा, जाळा, पुन्हा हातात घेऊ नका, ते गुलामीचे चिन्ह आहे. गावोगाव लोकांनी मयतीला वाजवणे बंद केले आणि त्यासाठी मार खाल्ला, बहिष्कार सोसले. दुसरे म्हणे, वाद्याला जात नसते, जात वाजवून घेणाऱ्याच्या डोक्यात असते, मयतीला वाजवणार नाही पण आमच्या सभेत वाजवू. चेन्नईत ‘बुद्धर कलैकुळु’ने, दिंडिगलला दलित मुलींच्या ‘शक्ती’ कलापथकाने हा दुसरा मार्ग धरला. मुलींनी परई हातात घेणे ही तर दुहेरी बंडखोरी, कारण हे वाद्य पुरुषांचेच मानले जाई.

आपल्या वाचकाला हा वाद नवा नाही. महाडच्या सत्याग्रहानंतर आपल्या पूर्वजांनी मेलेली ढोरे ओढणे सोडले, येसकरकी सोडली, बलुते सोडले. उपाशी राहिले पण सोडले. आणि त्याच काळात आंबेडकरी जलशाने तमाशाचा सांगाडा मात्र सोडला नाही. ढोलकी ठेवली, तुणतुणे ठेवले, सवाल-जवाब ठेवले. गणातले देवांचे नमन काढले, गौळण काढली आणि तिथे बाबासाहेबांचा विचार बसवला. काय टाकायचे आणि काय ठेवून त्याचा अर्थ पालटायचा, याचा निर्णय भीमराव कर्डकांच्या पिढीने भाषणे न देता मंचावर करून दाखवला. माझ्या मते दोन्ही मार्ग बरोबर आहेत, पण क्रम महत्त्वाचा आहे. आधी वेठ नाकारली म्हणून नंतर कला मिळवता आली. ज्या गावात आजही मयतीला वाजवावे लागते, तिथे परईचे सौंदर्य सांगत फिरणे हा क्रूर विनोद आहे.

गाना ही उत्तर चेन्नईची चीज. गोदी, गिरण्या, कालव्याकाठच्या झोपड्या. इथल्या बकिंगहॅम अँड कर्नाटिक गिरणीत १९२१ मध्ये संप झाला आणि पुलियनतोप भागात सवर्ण कामगार आणि आदिद्रविड कामगार यांच्यात दंगली पेटल्या. कामगार एकजुटीत जात कुठे लपते, हे मुंबईच्या गिरणगावालाही चांगलेच ठाऊक होते. या वस्त्यांत माणूस मेला की रात्रभर त्याच्या नावाने गाणी रचत बसायचे, त्याला मरण-गाना म्हणतात. डबा, काडेपेटी, खाट, हाताला लागेल ते वाद्य. सभ्य चेन्नईने याला मवाल्यांचे गाणे म्हटले. मग नव्वदच्या दशकात सिनेमाने चाली उचलल्या, नायक त्यावर नाचले, आणि ज्यांच्या ओसरीवर चाल जन्मली ते बहुतेक वस्तीतच राहिले. २०१२ मध्ये रंजित यांच्या पहिल्या ‘अट्टकत्ती’ चित्रपटात गाना बाला यांच्यासारख्या गायकाला स्वतःच्या आवाजात, स्वतःच्या नावानिशी गाता आले. त्या चित्रपटाचे संगीतकार होते संतोष नारायणन, त्यांचाही तो पहिलाच चित्रपट. हे नाव लक्षात ठेवा, पुढे येणार आहे. आणि कास्टलेस कलेक्टिव्हमधल्या इसैवाणी या गाना गायिकेला २०२० मध्ये बीबीसीने जगातल्या शंभर स्त्रियांच्या यादीत घेतले. पुरुषांच्या या क्षेत्रात तिने जागा केली, तीही गाण्यात कोणतीही तडजोड न करता.

अरिवू याच बँडमधून पुढे आला. अरक्कोणमचा मुलगा. आईवडील शिक्षक, ‘अरिवोळी इयक्कम’ या साक्षरता चळवळीत काम केलेले. ती चळवळ अक्षरे शिकवायला गाणी आणि पथनाट्ये घेऊन गावात जायची. म्हणजे गाणे हे शिकवण्याचे हत्यार आहे, हे त्याला घरातच मिळाले होते. इंजिनिअरिंग केले, कविता लिहिल्या, आणि रॅपकडे वळला. हिपहॉप न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्समधून आले हे खरे. ११ ऑगस्ट १९७३ ची तिथली एक पार्टी हा त्याचा जन्मदिवस मानतात. पण त्याच्या सव्वा वर्ष आधी, २९ मे १९७२ ला, मुंबईत दलित पँथर जन्मली होती आणि तिने आपले नाव अमेरिकेच्या ब्लॅक पँथरवरून घेतले होते. तेव्हा ‘रॅप आपला नाही, शाहिरी आपली’ असे म्हणणाऱ्या ज्येष्ठांना मी एवढेच विचारतो, पँथर आपली होती ना? ती मुंबईहून मदुराईला गेली, १९८२ मध्ये मलैचामी यांनी तिथे दलित पँथर उभी केली आणि तिच्यातूनच पुढे तिरुमावळवन यांचा विडुदलै चिरुतैगळ कच्ची पक्ष आला. तमिळमध्ये चिरुतै म्हणजे बिबट्याच, आणि आपला पँथर तिथल्या मातीत चिरुतै होऊन रुजला. शब्द आणि सूर असे प्रवास करतात. कोणी कोणाला परवानगी मागत नाही.

२०१९ मध्ये अरिवू आणि संगीतकार ऑफरो यांनी मिळून अल्बम काढला, ‘तेरुक्कुरल’. नावातच अर्धी लढाई आहे. तमिळांचा सर्वांत पूज्य ग्रंथ ‘तिरुक्कुरळ’, १३३० द्विपदींचा. तिरु म्हणजे श्री, पवित्र. अरिवूने त्या जागी तेरु घातले, तेरु म्हणजे रस्ता. कुरळ म्हणजे द्विपदी, कुरल म्हणजे आवाज. दोन अक्षरे हलवून पवित्र ग्रंथाचा रस्त्याचा आवाज केला. त्यातले ‘अँटी-इंडियन’ हे गाणे सगळ्यात जास्त गाजले. तुम्ही प्रश्न विचारलात की तुम्ही देशद्रोही, हा शिक्का ज्यांच्यावर रोज मारला जातो त्यांच्या बाजूने ते बोलते. आणखी एक गाणे स्नोलिन या मुलीच्या नावाचे. २२ मे २०१८ रोजी तूत्तुकुडीत स्टरलाइटच्या तांबे कारखान्याविरुद्ध निघालेल्या मोर्चावर पोलिसांनी गोळ्या चालवल्या. त्या गोळीबारात तेरा माणसे गेली, त्यात ही अजून विशीही न गाठलेली विद्यार्थिनी होती. चौकशी आयोगाचे कागद निघायला वर्षे लागतात, गाणे वर्षभरात निघाले. आपल्याकडे ११ जुलै १९९७ ला रमाबाई नगरात दहा जण मारले गेले आणि चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी जीव दिला, तेव्हा त्या गोळीबाराची नोंदही आधी गाणाऱ्यांनीच ठेवली होती.

महाराष्ट्राशी एक थेट धागाही आहे. रंजित यांचा ‘काला’ २०१८ चा, रजनीकांत नायक, आणि कथा आपल्या धारावीतली. तिरुनेलवेलीकडून कातड्याच्या कामाला आलेले आदिद्रविड धारावीत पिढ्यान् पिढ्या राहतात, आपल्या लोकांच्या शेजारी, एकाच नळावर. त्या चित्रपटात हक्काच्या मागणीचे एक गाणे अरिवूने लिहिले आणि धारावीचा ‘डोपअॅडेलिक्स’ हा रॅप गट त्यात गायला. हा गट हिंदी, मराठी, तमिळ, इंग्रजी अशा सगळ्या भाषांत रॅप करतो, कारण धारावीचे पोर सकाळपासून रात्रीपर्यंत या सगळ्या भाषा बोलते.

आता त्या गाण्याकडे येऊ. ७ मार्च २०२१ रोजी ‘एन्जॉय एन्जामी’ प्रसिद्ध झाले. गायले धी आणि अरिवूने, संगीत निर्मिती संतोष नारायणन यांची, प्रकाशित केले ए. आर. रहमान यांचा पाठिंबा असलेल्या ‘माज्जा’ या मंचाने. कोट्यवधी लोकांनी पाहिले. लग्नात वाजले, निवडणुकीत वाजले, आपल्याकडे गणपतीतही वाजले असेल. ‘एन सामी’ म्हणजे माझा धनी, माझा देव. भूमिहीन मजूर जमीनदाराला असे म्हणत, आणि आजी लाडाने नातवालाही असेच म्हणते. गुलामीतला शब्द मायेत कसा शिरतो, ते एका शब्दात आले. गाण्यात ओप्पारी आहे. ओप्पारी म्हणजे मयतीला बायकांनी रचलेला शोक, आपल्या जात्यावरच्या ओवीसारखा अक्षरओळख नसलेल्या बायकांनी सांभाळलेला. आजोबांनी झाडे लावली, मळा फुलवला, आणि घशाची कोरड मात्र तशीच राहिली, असा त्याचा आशय. नाचणाऱ्यांनी किती ऐकला, कोण जाणे.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ‘रोलिंग स्टोन’ मासिकाच्या भारतीय आवृत्तीने मुखपृष्ठावर दोन कलाकार घेतले, धी आणि कॅनडाचा तमिळ रॅपर शान व्हिन्सेंट डी पॉल. ज्या दोन गाण्यांचा गौरव होता त्यातले एक ‘एन्जॉय एन्जामी’ आणि दुसरे ‘सारपट्टा परंबरै’ चित्रपटाशी जोडलेले. दोन्हींचे शब्द अरिवूचे. मुखपृष्ठावर तो नाही. त्याआधी या गाण्याच्या रिमिक्सची जाहिरात न्यूयॉर्कच्या टाइम्स स्क्वेअरवर झळकली, तिथेही त्याचे नाव नव्हते. रंजित यांनी जाहीरपणे हा प्रश्न विचारला, आरडाओरडा झाला, मग मासिकाने अरिवूलाही मुखपृष्ठ दिले. पुढच्या वर्षी, जुलै २०२२ मध्ये, चेन्नईत बुद्धिबळ ऑलिंपियाडचे उद्‌घाटन झाले. पंतप्रधान समोर, मुख्यमंत्री समोर, आणि हे गाणे झाले अरिवूशिवाय. तो तेव्हा अमेरिकेत होता. त्यानंतर त्याने लिहिले की गाणे मी रचले, लिहिले, गायले. कोणी मला चाल किंवा शब्द दिला नाही. काम सर्वांचे आहे, पण इतिहास माझ्या वल्लियम्माचा आणि भूमिहीन मळेमजुरांचा आहे. संतोष नारायणन यांनी उत्तर दिले की कल्पना, चाल आणि निर्मितीत आमचाही वाटा आहे, आणि मालकी व उत्पन्न तिघांत समान ठरलेले आहे.

यात कोणाला खलनायक करायची मला घाई नाही. संतोष नारायणन हे रंजित यांच्या चित्रपटांचे संगीतकार. त्यांनी गाना आणि परईला मोठ्या पडद्यावर मान दिला. शान व्हिन्सेंट डी पॉल निर्वासित ईळम तमिळ. धीच्या आवाजाशिवाय ते गाणे ते गाणे झाले नसते. सगळे मित्रच. म्हणून तर हे प्रकरण अभ्यासण्यासारखे आहे. शत्रूने नाव पुसले तर लढता येते. मित्रांच्या मंडळीत, कोणी ठरवून कट न करता, प्रत्येक वेळी गळते ते एकच नाव, आणि ते नेमके अरक्कोणमच्या दलित पोराचे, याला योगायोग म्हणायला मी तयार नाही. जात अशीच काम करते. संपादक फोटो निवडतो, संयोजक यादी करतो, कंपनी पोस्टर छापते, कोणीच वाईट हेतूने काही करत नाही, आणि शेवटी चौकटीबाहेर कोण उभा आहे ते सगळ्यांना माहीत असते.

आणि पैसा? मार्च २०२४ मध्ये, गाण्याला तीन वर्षे झाली तेव्हा, संतोष नारायणन यांनीच जाहीर केले की या गाण्यातून आम्हाला कोणालाच एक रुपयाही मिळालेला नाही. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे रहमानही यात फसलेलेच. कंपनीकडून आरोप नाकारले गेले. म्हणजे नावासाठी भांडण झाले ते ज्या घरात, त्या घराचे भाडे तिसराच घेऊन गेला असे चित्र उभे राहते. मळ्याचे हेच तर गणित होते.

याच वर्षी ‘वल्लियम्मा पेरांडी’ आला. आता त्या शीर्षकाकडे पुन्हा पाहा. आमची शाहिरी परंपरा हे फार आधी शिकली होती. वामनदादा कर्डकांच्या गाण्याच्या शेवटच्या कडव्यात ‘वामन’ येतो. तुकोबांच्या अभंगातही शेवटी नाव येते. ही नाममुद्रा. ज्यांच्याकडे छापखाना नाही, करारपत्र नाही, वकील नाही, त्यांनी आपली सही गाण्याच्या आतच शिवून टाकली, म्हणजे गाणारा बदलला तरी सही पुसायची तर यमकच मोडावे लागेल. रॅपरही कडव्यात स्वतःचे नाव घेतो, त्याला आपल्याकडचे काही लोक मीपणा म्हणतात. तो मीपणा नाही. ‘पारंपरिक’, ‘लोकगीत’, ‘संग्रहित’ या तीन शब्दांनी आपली जेवढी चोरी केली तेवढी दरोडेखोरांनी केली नसेल. ओव्या बायकांच्या, पुस्तकावर नाव गोळा करणाऱ्याचे. हलगी मांगाची, बक्षीस नृत्यदिग्दर्शकाला. अरिवूने मात्र नाममुद्रा शेवटच्या कडव्यातून काढून थेट अल्बमच्या कपाळावर लावली, आणि तीही स्वतःची नाही, जिच्याकडून गाणे आले तिची. आता कोणत्याही कंपनीला, मासिकाला, मंत्र्याला त्या अल्बमचे नाव घ्यायचे तर वल्लियम्माचे नाव घ्यावेच लागते.

आज ओडिशात सुमीत सामोस आणि दुलेश्वर टांडी आहेत, विदर्भात विपिन तातड आहे, मुंबई-पुण्याच्या वस्त्यांत मोबाइलवर बीट लावून लिहिणारी कित्येक पोरे-पोरी आहेत. त्यांच्यासाठी कायद्यातली एक गोष्ट इथे सांगून ठेवतो, कारण जयंतीच्या स्टेजवर हे कोणी सांगत नाही. कॉपीराइट कायदा १९५७ चा. त्यात २०१२ मध्ये दुरुस्ती झाली. त्यानुसार गीतकार आणि संगीतकार गाण्याचे हक्क कंपनीला लिहून देऊ शकतात, पण रॉयल्टीतला आपला समान वाटा मिळण्याचा हक्क लिहून देऊ शकत नाहीत. ‘सर्व हक्क कायमचे’ असे छापलेल्या कागदावर तुमची सही घेतली तरी तो वाटा तुमचाच राहतो. अट एकच, गीतकार तुम्ही आहात हे सिद्ध झाले पाहिजे. म्हणून तारखेसह मसुदा ठेवा, रेकॉर्डिंगवर नाव टाकायला लावा, हिशेब लेखी मागा. कार्यकर्ता म्हणून फुकट गाणे वेगळे आणि कंपनीला फुकट देणे वेगळे.

हा कायदा लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षे चालतो. वामनदादा १५ मे २००४ रोजी गेले. म्हणजे त्यांच्या शब्दांवरचा कायदेशीर हक्क २०६४ संपेपर्यंत जिवंत आहे. येत्या १४ एप्रिलला तुमच्या चौकातल्या डीजेवर त्यांचे गाणे लागेल तेव्हा पडद्यावर गीतकाराच्या जागी काय लिहून येते, ते वाचा.